सुभेदारांचा शेवटचा शुक्रवार

आमच्या टीममध्ये गोल कमी होतात आणि किस्से जास्त. दर शुक्रवारी इथे बहरीनमध्ये, तुबलीच्या मैदानावर तासभर बॉलमागे धावायचं आणि मग दोन तास चहावर त्याच मॅचवरून भांडायचं, एवढाच आमचा फुटबॉल. त्यातले निम्मे किस्से एकट्या सुभेदारांचे. कोल्हापूरचे सुभेदार जाधव आधी पगारी फुटबॉलपटू, मग फौजी, आणि रिटायर झाल्यावर इथे हिद्दला एका गोदामावर सिक्युरिटी सुपरवायझर. शिवाय आमचे कोच. त्यांना कोणी नेमलं, हे मात्र आजवर कोणालाच माहीत नाही!

*

त्यांच्या पेठेतून मुंबईच्या क्लबात पगारावर खेळायला गेलेले ते पहिलेच. पेठेतली पोरं तालमीच्या टीमसाठी हाडं मोडून घ्यायची, पण फुकट. खेळायचा पगार म्हणजे काय, हे गल्लीला समजावणार कोण? वडील सरळ सांगायचे, "पोरगं कंपनीत हाय."

पुढे लग्नाची बोलणी सुरू झाली. मुलीच्या बापाने विचारलं, "मुलगा काय करतो?"

"फुटबॉल खेळतो."

"ते संध्याकाळचं झालं हो. दिवसा काय करतो?"

स्थळ गेलं!

*

क्लबाने टीमच बंद केली, तेव्हा सुभेदार फौजेच्या भरतीला जाऊन उभे राहिले. धावण्याच्या परीक्षेत बाकीची पोरं अजून वळणावर, आणि हे पोहोचून घाम पुसतायत. हवालदाराला संशय आला. मधूनच घुसला की काय हा?

"इतना जल्दी कैसे आया?"

"साब, आज बॉल साथ में नहीं था!"

*

पहिलं पोस्टिंग सरहद्दीवर, बर्फात. अख्ख्या चौकीत बॉल एकच. सुभेदारांनी हौसेने किक मारली आणि बॉल गेला तारेच्या पलीकडे! त्या दिवशी त्यांच्याशी कोणी बोललं नाही म्हणे. दुसऱ्या दिवशी सकाळी बघतात तर बॉल तारेच्या अलीकडे येऊन पडलेला, वर हवा भरून!

आमचा गोलकीपर वसईचा फ्रान्सिस, सलमानियाच्या हॉस्पिटलात एक्स-रे काढतो. त्याला सगळ्याच गोष्टी आरपार बघायची सवय. तो म्हणाला, "सुभेदार, हे जरा अति होतंय हां."

सुभेदार शांतपणे चहा फुंकत म्हणाले, "खोटं कशाला सांगू? हवा जरा जास्तच भरली हुती त्यांनी."

*

सुभेदारांच्या ट्रेनिंगचा एकच कडक नियम. लांब शिटी वाजली की असाल तिथून पळत यायचं आणि त्यांच्यासमोर उंचीप्रमाणे फॉल-इन! महिनोन् महिने आमच्याकडून हेच करून घेतलं.

मग पहिली मॅच आली, तुबलीच्याच एका गॅरेजमधल्या केरळी पोरांशी. रेफ्रीने त्यांना फ्री-किक दिली आणि लांबलचक शिटी फुंकली. आम्ही सगळे धावत सुटलो आणि सुभेदारांसमोर रांगेत उभे! फ्रान्सिस सगळ्यांत उंच, म्हणून तो पहिला. मागे त्या पोरांनी रिकाम्या गोलात आरामात बॉल सोडला.

सुभेदार रागाने लालबुंद. पण डोळे आमच्या रांगेवरून फिरले आणि तोंडातून निघून गेलंच, "लाईन मात्र सरळ हाय!"

*

त्या टीमला आम्ही नंतरही कधी हरवलं नाही. आणि इकडे सुभेदारांचा व्हिसा संपत आला. "भावांनो, घरला जायच्या आधी एकदा तरी त्यास्नी हरवायचं," एवढंच त्यांचं मागणं. गुडघ्यामुळे ते स्वतः इथे कधी मैदानात उतरले नव्हते. आम्हालाही वाटत होतं, माणूस हरून जायला नको.

जानेवारीतला शुक्रवार. रविवारी त्यांची फ्लाइट. मॅच त्याच केरळी पोरांशी, बरोबरीत, शेवटची पाच मिनिटं. आणि सुभेदार बूट बांधून उठले! "यल्ला, चला! मी येतो."

बॉल त्यांच्या पायात आला काय, त्यांनी दोघांना चकवलं काय! केरळी पोरांचा गोलकीपर शाजी पुढे येऊन झेपावला, सुभेदारांनी त्यालाही चुकवलं. शाजी जमिनीवर आडवा, समोर गोल मोकळा!

शेजारच्या भारतीय शाळेत प्रजासत्ताक दिनाची रिहर्सल चालली होती; तेवढ्यात तिथल्या लाउडस्पीकरवर राष्ट्रगीत सुरू झालं.

सुभेदार जागच्या जागी सावधान. बॉल पायाशी. आम्ही सावधान, केरळी पोरं सावधान. शाजीही धूळ न झटकता उठून उभा राहिला, होता तिथेच. बहरीनी रेफ्रीने एकदा सगळ्यांकडे बघितलं आणि तोही शिटी काढून गप्प उभा राहिला.

राष्ट्रगीत संपलं. "मारा सुभेदार, मारा!" आमचे घसे फुटायची वेळ आली. सुभेदारांनी मागे वळून बघितलं.

"शाजी, जा. पहले गोल में खडा हो जा."

फ्रान्सिसने डोकं धरून बसकणच मारली. मला तर रडू यायचं बाकी होतं. शाजी सावकाश गेला, दोन खांबांमध्ये उभा राहिला. सुभेदारांनी किक मारली उजव्या कोपऱ्यात. शाजीने उडी मारली डावीकडे, तीही किक लागायच्या आधी!

गोल! आम्ही सुभेदारांना खांद्यावर घेऊन अख्खं मैदान फिरलो. ते हसत होते की रडत होते, कळत नव्हतं.

नंतर चहावर फ्रान्सिसने शाजीला गाठलं. "शाजी, तू तो कभी उल्टा नहीं कूदता. आज क्या हुआ रे?"

शाजी ग्लासात बघत म्हणाला, "आँख में धूप था, भाई."

सूर्य त्याच्या पाठीमागे होता!