सासूबाईंची गुंतवळ

सासूबाईंचा टोप रोज सकाळी गुंतलेला सापडायचा.

आदल्या संध्याकाळी टोपवाली तो नीट विंचरून, लाकडी डोक्यावर बसवून, वर मलमलीचं फडकं घालून ठेवायची. सकाळी फडकं ओढलं की मानेपाशी केसांचा गोळा झालेला असायचा, कुणीतरी आत बोटं घालून कालवल्यासारखा. शेल्फावरची बाकीची डोकी जशीच्या तशी. राजाचा टोप, म्हातारीचा टोप, इस्पितळात पोचवायचे दोन साधे टोप, सगळे शहाण्या मुलांसारखे ओळीत बसलेले. हा एकच वांड.

"उंदीर असेल," नवरा म्हणाला.

"उंदीर केस विंचरतात होय?"

"विंचरतात कुठं म्हणालो? गुंतवतात."

नवरा पुढच्या दुकानात नाटकवाल्यांना दाढ्यामिशा विकायचा. स्वतःच्या डोक्यावर औषधालाही केस नाही. "आमच्या हिनं गावाला केस लावले, घरात मात्र उजाड," हा त्याचा ठरलेला विनोद. गिऱ्हाईक हसलं की तो टकलावरून हात फिरवायचा. पण आईच्या टोपावर त्यानं कधी विनोद केला नाही. फडकं काढायच्या वेळी तो मागच्या खोलीत पाऊल टाकत नसे. चहासुद्धा बाहेर मागवायचा.

खरी टोपवाली म्हणजे सासूबाईच. गल्लीत त्यांना सगळे त्याच नावानं ओळखायचे. त्या गेल्या आणि हिशेब न करता नाव सुनेकडे आलं. भाजीवाला परवापरवापर्यंत "सूनबाई" म्हणायचा, तोही एक दिवस "काय टोपवाली?" म्हणाला. तिनं मागं वळून पाहिलं होतं.

ती लग्न होऊन आली तेव्हा तिला वेणीसुद्धा धड घालता येत नव्हती. सासूबाईंनी तिला पाटावर बसवलं, एक केस तिच्या अंगठ्यात आणि बोटात धरायला लावला आणि म्हणाल्या, "चोळ." तिनं चोळला. केस हळूहळू एका बाजूला सरकत बाहेर येऊ लागला, अळीसारखा. तिनं किंचाळून टाकून दिला.

"मेलेला आहे तो, चावत नाही," सासूबाई म्हणाल्या. "केस नेहमी मुळाच्या दिशेनं चालतो. आपल्याला तो कुठल्या बाजूनं उगवला ते विसरलं तरी चालेल, तो विसरत नाही."

धंद्याचं सगळं शास्त्र त्यावर उभं होतं. कापून आलेल्या केसांच्या मुळाशी लाल दोरा बांधायचा आणि टोप पुरा होईपर्यंत तो दोरा सुटू द्यायचा नाही. सगळी मुळं एकीकडे, सगळी टोकं एकीकडे. एखादी बट उलटी गेली की तिचे केस शेजारच्यांत चढतात, अडकतात, टोपाच्या जटा होतात. दुसरा नियम सासूबाईंचा स्वतःचा. दोन डोक्यांचे केस एका टोपात नांदत नाहीत. कितीही अडचण आली, केस कितीही कमी पडले, तरी त्यांनी दुसऱ्या बाईचा केस मिसळला नाही. गिऱ्हाईक परत पाठवलं.

आणि तिसरी गोष्ट म्हणजे डबा. सासूबाई विंचरायला बसल्या की फणीला आलेली गुंतवळ फेकायच्या नाहीत. बोटाभोवती गुंडाळून पत्र्याच्या डब्यात टाकायच्या. तरुणपणापासूनचे केस होते त्यात. वर काळे, खाली काळे, मधेच करडे, कारण डबा त्या अधूनमधून उपसून ठेवायच्या. "म्हातारपणी माझाच टोप मी घालणार. कुणाचे उपकार नकोत." सुनेचे केस त्यांना कधी आवडले नाहीत. राठ, मधेच वाकडे. "घोडीचं शेपूट," त्या म्हणायच्या. सून तिथंच बसलेली असे, ती ऐकून घ्यायची.

शेवटच्या वर्षी त्यांचे डोळे गेले. तेव्हा त्यांनी डबा मांडीवर घेतला. गुंतवळ सोडवायची, एकेक केस चोळून मूळ ओळखायचं, बटा लावून लाल दोरा बांधायचा, हे सगळं त्यांनी आंधळेपणी केलं. सुनेनं त्या बटा घेतल्या आणि जाळीत आकडीनं एकेक केस ओवून गाठ मारत गेली. दुसऱ्या कुणाची बट असती तर तिनं आधी चोळून पाहिली असती. तो तिच्या हाताचा नेमच होता. पण सासूबाई समोर कान टवकारून बसलेल्या. केस चोळल्याचा बारीक आवाज त्यांना कळला असता. त्यांनी लावलेली बट तपासणं म्हणजे तोंडावर खोटं पाडणं. ती तशीच ओवत राहिली. टोप अर्धा झाला आणि त्या गेल्या. उरलेला तिनं नंतर एकटीनं पुरा केला. तो पुरा झाला त्याच्या दुसऱ्या दिवसापासून गुंतायला लागला.

आता नणंदेला तो हवा होता.

नणंद पन्नाशीची, शाळेत भूगोल शिकवणारी, पण घरात आजही बेबीच. मोठं ऑपरेशन झालं, मग औषधं झाली, आणि तिचे केस उशीवर राहिले. आता ती बरी होती. शाळा उघडली की वर्गावर जायचं होतं. वहिनीनं तिच्यासाठी दोन चांगले टोप काढून ठेवले होते, तिनं हातसुद्धा लावला नाही.

"मला आईचा दे," ती म्हणाली. "रुमाल बांधून गेले तर पोरं काही बोलणार नाहीत गं, नुसती बघतील. आईचे केस डोक्यावर असले तर मी बघू देईन त्यांना."

"देते. थोडा नीट करते आणि देते."

"काय झालंय त्याला?"

"काही नाही. गुंततो."

बेबीनं तिच्याकडे जरा वेळ पाहिलं. आईच्या आजारपणात ती लांब होती आणि वहिनीनं किती केलं, किती नाही, याबद्दल तिच्या मनात एक चौकशी कायम चालू असे. "आईचा टोप तुझ्या हातात गुंततो," ती एवढंच म्हणाली.

रविवारी टोपवालीची लेक आली. ती कॉलेजात रसायनशास्त्र शिकवायची. आईला सकाळी सकाळी तो गोळा सोडवत बसलेली पाहून ती शेजारी टेकली.

"तुझी आजी येऊन बसते यात," टोपवाली म्हणाली. हसत म्हणाली, पण लेकीनं आईचे हात पाहिले आणि ती हसली नाही.

"आई, केस म्हणजे जैवबहुवारिक असतं. बायोपॉलिमर."

"शिवी देतेस का?"

"रेणूंची साखळी गं. लहान लहान तुकडे एकाला एक जोडत गेलेले, लांबच लांब. प्लॅस्टिकही साखळीच, पण ती कारखान्यातली. जिवंत शरीरात तयार झाली तर हे नाव. केस, नखं, लोकर, रेशीम, सुती कापड. तू जाळीला लावतेस ती खळ. तो सरस."

"म्हणजे माझं दुकानच की."

"दुकान काय, तूसुद्धा. पाणी सोडलं तर बरीचशी."

बाहेरून नवरा ओरडला, "ए जैवबहुवारिक, सुटे आहेत का?" तो शब्द त्यानं पुढं महिनाभर वापरला.

टोपवालीनं मात्र कोपऱ्यातली भाजीची पिशवी पुढं ओढली. तिच्यावर हाच शब्द मोठ्या हिरव्या अक्षरांत छापला होता. "दुकानदार सांगत होता, ही पुरली की माती होते. मग केसाचं का होत नाही काही? आजीचे लग्नाआधीचे केस डब्यात होते, एक कुजला नव्हता."

"लोक तसाच वापरतात तो शब्द, कुजणारं ते. पण त्याचा अर्थ तेवढा नाही. वस्तू कुठून आली ते त्यात कळतं. पुढं तिचं काय होणार ते नाही. ऑपरेशनमधला आतड्यापासून केलेला टाक्याचा दोरा असतो ना विरघळणारा, तोही याच जातीचा. आत गेला आणि संपला. केस राहतो. फार राहतो."

"राहतो ते दिसतंच आहे," टोपवाली म्हणाली.

"आणि यात काही उलटे आहेत, दुसरं काय? तू रोज फडकं घालतेस, ओढतेस, विंचरतेस. तेवढ्या घासण्यानं ते आत चालत जातात. हे मी तुला सांगायचं?"

"आजीनं लावून दिलेत ते."

"म्हणून काय झालं?"

लेक गेल्यावर तिनं दुपारच्या उन्हात टोप खिडकीशी आणला, मानेपाशी एक गाठ सुईनं सोडवली, केस ओढून घेतला आणि खोलीत कुणी नाही हे पाहून तो बोटांत चोळला. समोरच्या रिकाम्या खुर्चीकडे तिची नजर गेलीच.

केस उलटा चालला.

दुसरा सुलटा. तिसरा उलटा. चौथ्याला तिचं बोट थांबलं. तो राठ होता. मधेच वाकडा.

तिनं तो उजेडात धरला, मग आपल्याच डोक्यातला एक उपटून शेजारी ठेवला. डोक्यातला पांढरा झालेला, टोपातला अजून काळा, बाकी जुळी भावंडं. सासूबाई तिच्या फणीतली गुंतवळही उचलत होत्या तर. कधीपासून? ती स्वयंपाकघरात गेल्यावर रोज? आणि डब्यात आपल्या केसांत दडपत होत्या. दोन डोक्यांचे केस एका टोपात नांदत नाहीत म्हणणारी बाई. घोडीचं शेपूट म्हणणारी बाई.

पुरले नसतील त्यांचे, ती स्वतःला म्हणाली. पण पुरले नाहीत तर टोप करायचा नाही, हेच तर त्या आयुष्यभर सांगत आल्या होत्या. तिच्या टाळूवर मुंग्या आल्या. इतकी वर्षं कुणीतरी आपल्याला थोडंथोडं करून साठवत होतं आणि आपल्याला पत्ता नव्हता.

बेबीपासून लपवावं असं तिच्या मनात येऊन गेलं. पण बेबी त्याच घरात वाढलेली. एक केस हातात घेतला की तिला कळलं असतं. तिनं बोलावून घेतलं आणि सरळ सांगितलं.

बेबी रुमाल डोक्यावर सारखा करत राहिली. "तुझे का घातले आईनं?"

"मला काय ठाऊक? मला विचारून घातले नाहीत."

"काढ."

"टोप विरळ होईल, बेबी."

"होऊ दे. मला आईचे हवेत. राग मानू नकोस वहिनी, पण तुझे केस डोक्यावर घेऊन मी काय करू?"

"राग कसला? मलाही ते कुणाच्या डोक्यावर नकोच आहेत."

दोघी खिडकीशी बसल्या. उलटे लागलेले आणि राठ वाटणारे सगळे केस आधी उसवून काढले. ते सुलटे करून परत ओवायचे होते, पण फक्त आईचे. पांढऱ्या टॉवेलवर बेबी एकेक केस उचलायची, चोळायची आणि सांगायची.

"आई."

टोपवाली तो आकडीत धरून जाळीत गाठायची.

"तू."

तो बाजूला.

"तू. तू. आई. तू."

बेबीची बोटं आजारानं बधिर झाली होती, पण चुकत नव्हती. आईसारखीच ती केस चोळताना डोळे मिटून घ्यायची, ओठ एका बाजूला ओढायची. टोपवालीनं तिच्याकडे पाहायचं टाळलं. बाजूचा ढीग वाढत गेला. चहा निवून गेला. पुढं नवरा कुणाला तरी मिशी चिकटवून दाखवत होता, त्याचा आवाज भिंतीपलीकडून येत होता.

एकदा बेबीनं डोळे उघडले आणि लाकडी डोक्याकडे पाहिलं. कपाळापासून टाळूपर्यंत जाळी उघडी पडली होती. खालचं लाकूड दिसत होतं. तिचा हात आपोआप रुमालावर गेला, तिथंच थोडा वेळ राहिला.

"शाळा सोमवारी उघडते ना?" टोपवालीनं विचारलं.

"हो."

बेबीनं पुढचा केस उचलला. जाड, राठ, मधे वाकलेला. आंधळ्यालाही कळावा असा. तिनं तो चोळला, परत चोळला.

"आई," ती म्हणाली.

टोपवालीनं हात पुढं केला नाही. "नीट बघ."

"बघितला. आई."

टोपवालीनं तो घेतला. मूळ पाहिलं, आकडीत धरला, गाठ मारली.

पुढचाही तसाच. "आई." त्याच्या पुढचा. "आई." टॉवेलवरचे संपले तसा बेबीनं बाजूचा ढीग पुढं ओढला. आता ती चोळत नव्हती. डोळे जाळीच्या उघड्या जागेवर होते आणि बोटं आपली केस पुढं करत होती. आवाजही बदलत गेला. पहिल्यांदा तो निवाडा देणाऱ्याचा होता. मग दमलेल्या माणसाचा झाला. मग शाळेतून आलेली मुलगी दारातून आत कुणी आहे का म्हणून हाक मारते तसा.

"आई."

प्रत्येक केसाला टोपवालीच्या जिभेवर येत होतं, हा माझा आहे. प्रत्येक गाठीबरोबर ते आत जात होतं. कपाळावरची जागा भरत आली. वर राठ केसांचा काळा थर बसला, त्याखाली मऊ केस दिसेनासे झाले, आणि तरी तो टोप कधी नव्हे इतका सासूबाईंचा दिसायला लागला. तिला वाटलं, उठावं, पुढं जाऊन नवऱ्याला गाठावं, त्याला आपल्या नावानं हाक मारायला लावावं. पण हातात आकडी होती आणि समोर बेबीचा हात थांबलेला होता, केस पुढं करून.

"आई."

"हं," टोपवाली म्हणाली.

बेबीनं पुढचा केस उचलला.