भाऊजींचा राक्षस

पाळणा रिकामा. भात उतरवून मागं वळले, तर पाळणा हलतोय आन् आत पोर नाय. सासू बाजारात, नवरा कामावर, सहा महिन्यांची माझी पोर जाणार कुठं? तशीच धावत माडीवर गेले, तर आमचे भाऊजी, माझे धाकटे दीर, डोक्यावरून गोधडी घेऊन बसलेले, मांडीवर पोर झोपलेली, तिच्या नाकाशी माईक. मला बघून त्यांनी ओठावर बोट ठेवलं.

आमच्या भाऊजींसारखा माणूस आख्ख्या पनवेलमदी दुसरा नाय. मोबाईलच्या गेममदी संगीत वाजतं ना, ते बनवतात. लोकांना वाटतं रिकामे बसलेत, पण त्यांचे कान कधी रिकामे नसतात. कालवण रटरटलं की माईक घेऊन गॅसपाशी, गेममदी दलदलीचा आवाज पायजे म्हणं. सासू भाकरी थापते तर म्हणतात, "आये, परत थाप, जरा रागानं." ती म्हणते, "तुझ्याकडं बगूनच थापते मी." आपटा गावात भाऊजींसाठी पोरगी बघायला गेलो, तर त्यांनी तिच्या आजोबांनाच झोपाळ्यावरून उठवलं, झोपाळ्याची कुरकुर नीट ऐकू येईना म्हणून. पोरीच्या बापानं विचारलं, काम काय करता? तर शांतपणे म्हणाले, "राक्षस आला की वाजतं ते." मग चहा पण आला नाय.

तर त्या दिवशी मी म्हणलं, पोरीला का उचललं? म्हणाले, "वहिनी, सर्दीनं काय घोरते ती. आवाज हळू चालवला की झोपलेला राक्षस. आज पाठवायचंय, आवडलं तर गेमची कंपनी मला कायमचं कामाला ठेवणार हाय." मी विचारलं, मग त्या राक्षसाचं काय होतं? म्हणाले, "झोपेतच मारतात त्याला."

खेळ हाय ते कळतं मला, आठवी शिकलेय मी, पण श्वास तर माझ्या पोरीचा होता, आन् कुठकुठली माणसं रोज उठून त्याच्यावर तलवार चालवणार. म्हणलं, "पुसा ते." त्यांनी समजावलं नाय, चिडले नाय, माझ्यासमोर पुसलं. मग स्वतःच नाक दाबून घोरत बसले संध्याकाळपर्यंत. कंपनीला ते नाय आवडलं.

आता भाऊजी लग्नाच्या हळदीत कीबोर्ड वाजवतात. परवा नवऱ्यानं विचारलं, "काय रे, त्या कंपनीचं काय झालं?" तर म्हणाले, "नाय जमलं दादा मला." मी तिथंच लसूण सोलत बसलेली. माझ्याकडं बघितलं पण नाय त्यांनी. मी पण खाली मान घालून सोलत राहिले. माझ्या जागी तुमी असता, तर काय केलं असतं?