दोघींपैकी एक हजर

ती हजेरी मी अजून विसरलेलो नाही. तेव्हा मी ऑस्ट्रेलियातल्या कालगुर्लीच्या पोलीस ठाण्यात सार्जंट होतो. सकाळी आदल्या दिवशीच्या तक्रारी वाचत होतो, तेवढ्यात एका शाळेच्या ऑफिसातून फोन आला. मुलांची संख्या, वय, घरची भाषा, हजेरी ही माहिती सरकारला पाठवायचं काम तिथल्या एका बाईंकडे होतं.

"सहावीत जुळ्या बहिणी आहेत," त्या म्हणाल्या. "दोघींची हजेरी निम्मी. पण सबंध टर्ममध्ये दोघी एकाच दिवशी कधीही गैरहजर नाहीत. एक आली की दुसरी नसते. फॉर्मवर घरची भाषा मराठी आहे, म्हणून तुम्हालाच कळवलं."

मुलींना कुणीतरी आळीपाळीने कामाला जुंपत असावं, असा मला संशय आला.

मी शाळेत गेलो. वर्गशिक्षकांसमोर त्या दिवशी आलेल्या बहिणीला विचारलं, "काल का नव्हतीस?"

"पोट दुखत होतं. आईने झोपून राहायला सांगितलं."

दुसऱ्या दिवशी दुसरीने अक्षरशः तेच वाक्य म्हटलं. खरं सांगणाऱ्या दोघांचे शब्द थोडे तरी वेगळे पडतात. पाठ केलेलं मात्र सारखंच येतं.

शिक्षकांना एक शंका आली. ही दुसरी नसलेल्या दिवशी शिकवलेलं अपूर्णांकाचं गणित त्यांनी तिला फळ्यावर घातलं. तिने ते सोडवलं, वर त्यांनी त्या तासाला केलेला विनोदही सांगितला. शिक्षकांनी हजेरीपट पुन्हा पाहिला. "ही त्या दिवशी वर्गात नव्हती," ते पुटपुटले.

"हे तुला कोणी शिकवलं, बाळा?" मी मराठीत विचारलं.

"माय सिस्टर. जी स्कूलला जाते ती घरी आल्यावर दुसरीला सगळं शिकवते." मग तिने खडू खाली ठेवला. "अंकल, तुम्ही आम्हाला सेपरेट करणार?"

खोटं वचन देणं मला जमलं नाही. "ते माझ्या हातात नाही. पण जे पाहीन ते खरं लिहीन."

तिच्याबरोबर घरी गेलो. आई वसईची, हॉस्पिटलच्या लॅबमध्ये काम करायची. नवरा वारलेला. पर्थ शहरात तिच्या मेंदूचं ऑपरेशन झालं आणि त्यानंतर फिट्स येऊ लागल्या. तिला एकटं सोडणं धोक्याचं होतं, म्हणून रोज एक मुलगी शाळा बुडवून तिच्यापाशी थांबायची.

"मी नको म्हणत होते," ती रडत म्हणाली. "ऐकतच नाहीत. कुणाला सांगितलं तर सरकार पोरींना नेईल, ही भीती होती."

टेबलावर वही होती. दोघींत एकच, दोन हस्ताक्षरांतली. समासात जागोजागी सूचना: 'हे तिला दोनदा समजव.' 'इथे सर हसले.' मी पानं उलटत राहिलो.

अहवालात मी वहीसकट सगळं लिहिलं. बालकल्याण खात्याच्या अधिकारी घरी येऊन गेल्या. आईसाठी दिवसभराची मदतनीस मंजूर झाली, मुली आईजवळच राहिल्या. काही आठवड्यांनी ऑफिसातल्या बाईंचा फोन आला. "आज दोघी हजर," एवढंच म्हणून त्यांनी फोन ठेवला.

त्या वर्षीच्या आकडेवारीत दोघी अनियमित म्हणूनच मोजल्या गेल्या असतील. आकडा काही खोटा नव्हता. कुणी काही लपवतंय म्हटलं की त्यामागे गुन्हा शोधायची आम्हा पोलिसांना सवय लागते. त्या अकरा वर्षांच्या पोरींनी मला शिकवलं, की माणसं कधीकधी आपला मोठेपणाही असाच भीत भीत लपवून ठेवतात.