बिशप कोरियांची मराठी

बिशप बोनिफास कोरिया गेल्याची बातमी मला शाळेतच कळली. नववीच्या वर्गावर व्याकरण घेत होतो. शिपाई दाराशी आला आणि हळू आवाजात म्हणाला, "चर्चमागच्या आग्नेसबाईंचा निरोप आहे. त्यांचे भाऊ गेले." मुलांना वाचत बसायला सांगून मी निघालो. वाटेत बाजारात गाडीच्या चाकांना लोखंडी धावा चढवणं चाललं होतं, घणांचे आवाज येत होते. नेहमीचीच दुपार होती. पनवेलात ख्रिस्ती घरं मोजकी. एक बिशप आजारी होऊन इथे बहिणीकडे राहतो आहे, हेच पुष्कळांना ठाऊक नव्हतं, मग तो गेल्याचं कुणाला कळणार? मला रडू आलं नाही. ज्या बोलण्यासाठी मी त्यांच्याकडे इतकी वर्षं जात होतो, ते बोलणं केव्हाच संपलं होतं...

आमची ओळख स्वातंत्र्याच्या थोडी आधीची. तेव्हा ते नुसते फादर कोरिया होते, तिशीतले, सडपातळ, सायकलवरून खाडीकाठच्या वस्त्या फिरणारे. मूळ घराणं उलव्याकडचं, मिठागरावर राबणारं. एका संध्याकाळी ते माझ्या ओटीवर आले. झग्याला गुडघ्यापर्यंत चिखल होता. "तुम्ही हायस्कुलात मराठी शिकवता ना? मला तुमची मदत हवी आहे," म्हणाले, आणि बसायच्या आधीच सांगू लागले. त्या दुपारी ते मिठागरावरच्या एका म्हातारीचे शेवटचे संस्कार करायला गेले होते. त्या काळी त्यांची सगळी उपासना लॅटिनमध्ये चाले. प्रवचन तेवढं मराठीत. त्यांनी म्हातारीच्या कपाळाला पवित्र तेल लावलं, लॅटिन प्रार्थना म्हटल्या. म्हातारी शुद्धीवर होती. तिने विचारलं, "फादर, देवाला माजा काय सांगितलाव? मना कायच समाजला नाय." ते तिला मराठीत सांगू लागले, पण लॅटिन पाठ असलं तरी त्याचं मराठी जिभेवर येईना. ते शब्द शोधत राहिले आणि तेवढ्यात म्हातारी गेली. "ती माझ्या तोंडाकडे बघत गेली, मास्तर," ते म्हणाले. "वाट बघत."

त्यानंतर कित्येक वर्षं, आठवड्यातून एखादी संध्याकाळ तरी, आम्ही माझ्या ओटीवर बसून त्या प्रार्थना मराठीत आणायचा उद्योग केला. ते लॅटिन वाक्य म्हणत, त्याचा अर्थ सांगत, मी मराठी सुचवी. मी त्या काळात संस्कृत शब्दांच्या फार प्रेमात होतो. 'पापक्षालन', 'करुणासिंधू' असं काही मी सुचवलं की ते हसत. "हा शब्द तुमच्या वर्गात राहू दे, मास्तर. आमच्या बायका दिवसभर मिठात उभ्या असतात. त्यांना घरी जाता जाता म्हणता आला पाहिजे." मग आम्ही साधा शब्द शोधायचो, आणि तो सापडला की ते उठून ओटीवर येरझारा घालत तीच ओळ चार-चारदा म्हणत. त्यांचा आवाज भरदार होता. माझी बायको आतून म्हणायची, "आमच्याही देवघरात चालेल हो हे." त्या संध्याकाळी मी फार सुखात होतो, हे मला तेव्हा कळत नव्हतं.

त्यांनी ते मराठी आपल्या वरिष्ठांना नेऊन दाखवलं. नकार आला. पुन्हा नेलं, पुन्हा नकार. उपासनेची भाषा जगभर एकच, ती बदलायचा अधिकार इथे कुणालाच नाही, असं त्यांना सांगण्यात आलं. फादरांनी कधी वाद घातला नाही. घरी यायचे, चहा घ्यायचे आणि म्हणायचे, "चला, पुढची ओळ घेऊ." मग काही वर्षांनी घाटावरच्या एका धर्मप्रांताचे बिशप म्हणून त्यांची नेमणूक झाली. मी एस.टी. स्टँडवर पोचवायला गेलो होतो. "आता तरी तुमच्या हातात असेल," मी म्हणालो. ते म्हणाले, "आता नकार द्यायचं काम माझ्याकडे आलं, मास्तर." मला ती थट्टा वाटली.

ती थट्टा नव्हती. त्यांच्या धर्मप्रांतात सायमन नावाचे एक तरुण फादर होते. आमचं मराठी त्यांना बिशपांनीच वाचायला दिलं होतं. दुष्काळाच्या वर्षी एका खेड्यात त्यांनी सरळ त्या मराठीत उपासना केली. लोक रडले म्हणे. तक्रार वरपर्यंत गेली आणि फादर सायमनना त्या गावातून काढून उपासना करण्यास मनाई करण्याच्या हुकमावर सही करायची वेळ बिशप कोरियांवर आली. त्यांची आई गेली म्हणून ते पनवेलला आले होते, तेव्हा त्यांनी मला हे सांगितलं. आम्ही वडाळे तळ्याच्या काठी बसलो होतो.

"तुम्हाला सही न करून चाललं नसतं?" मी विचारलं.

"चाललं असतं. मग त्यांनी दुसरा बिशप आणला असता, आणि त्याने सही केली असती." त्यांनी काठावरचा एक खडा उचलून पाण्यात टाकला. "सायमन मला नुसतं म्हणाला, हे तुम्हीच मला शिकवलंत... पुढच्या महिन्यात त्याने झगा उतरवला. आता मुंबईत कुठल्याशा कचेरीत कारकुनी करतो."

आणि मग, साठ सालानंतर, रोममध्ये जगभरच्या बिशपांची परिषद भरली आणि लोकांच्या भाषेत उपासना करायला परवानगी मिळाली. बिशप कोरिया तिकडून परतले ते थेट माझ्या ओटीवर. केस पिकले होते, पण येरझारा त्याच. आम्ही सगळं पुन्हा एकदा तपासलं. त्यांच्या कॅथीड्रलमध्ये ते स्वतः पहिली मराठी उपासना करणार होते, मला आमंत्रण होतं, मी रजा टाकली होती. आदल्या दिवशी सकाळी दाढी करता करता ते खाली कोसळले. उजवा हात, उजवा पाय आणि वाचा, तिन्ही गेली. पहिली मराठी उपासना दुसऱ्याच कुणीतरी केली. मी ती रजा इस्पितळातल्या बाकावर काढली.

कारभार दुसऱ्याकडे गेला आणि आग्नेसबाईंनी भावाला पनवेलला आणलं. बाईंनी लग्न केलं नव्हतं. चर्चमागच्या दोन खोल्यांत शिवणकाम करून राहत होत्या. एके दिवशी त्या धावतच माझ्याकडे आल्या. "मास्तर, चला, माझा भाऊ बोलला." मी गेलो. खुर्चीत बसलेले बिशप खरंच बोलत होते, स्पष्ट, न अडखळता... सगळं लॅटिन होतं. लहानपणी पाठ केलेल्या प्रार्थना एकामागून एक बाहेर पडत होत्या. डॉक्टर म्हणाले, असं होतं कधी कधी. माणूस बोलणं विसरतो, पण घोकलेलं राहतं. मी आमचं मराठी त्यांच्यासमोर सावकाश वाचलं. ते माझ्या ओठांकडे बघत राहिले. एखाद्या परक्या देशाच्या माणसाकडे बघावं तसे. नंतर त्यांना पाणी हवं असलं तरी लॅटिन प्रार्थनाच तोंडातून येई, आणि त्यांचं त्यांनाच ते कळून डोळे भरत.

मागच्या हिवाळ्यात सायमन त्यांना भेटायला आले. मी तिथेच होतो. साध्या शर्ट-पँटमधले, पुढचे केस विरळ झालेले गृहस्थ. ते वाकले तसं बिशपांनी डाव्या हाताने त्यांचं मनगट घट्ट धरलं. तोंड उघडलं, मिटलं, पुन्हा उघडलं. मग मनगट सोडून तोच हात छातीवर आपटत ते म्हणू लागले, "मेआ कुल्पा, मेआ कुल्पा..." अर्थ 'माझा अपराध'. उपासनेच्या आरंभी म्हणायचे ते शब्द आहेत, एवढं मला इतक्या वर्षांत ठाऊक झालं होतं.

बाहेर आल्यावर मी सायमनना म्हणालो, "ते तुमची क्षमा मागत होते."

सायमननी चष्मा पुसला. "हे आम्हा सगळ्यांनाच पाठ असतं, मास्तर. ते मला म्हणाले की नुसतंच तोंडातून आलं, कोण सांगणार?" मग चष्मा चढवत म्हणाले, "सही का केलीत, हे मी विचारायला आलो होतो. आता कुणाला विचारू?" ते पुन्हा आले नाहीत. अंत्यविधीलाही नाही.

अंत्यविधी मराठीत झाला. छापील पुस्तिका सगळ्यांना वाटली होती. मराठी बरं होतं, दुसऱ्या कुणीतरी केलेलं. आमची एकही ओळ त्यात नव्हती. सायमनच्या त्या एका खेड्यापलीकडे ती कधी कुणाला लागलीच नाही...

काल संध्याकाळी आग्नेसबाईंकडे गेलो. खोलीत दिवा लावून त्या गुडघे टेकून बसल्या होत्या आणि तोंडाने काही पुटपुटत होत्या. जरा वेळाने माझ्या ध्यानात आलं, ते लॅटिन होतं. ऐकून ऐकून पाठ झालेलं, उच्चार इकडचे तिकडे गेलेले. एका विशिष्ट जागी त्या थांबत, जिथे भावाला धाप लागत असे. उठल्यावर ओशाळून म्हणाल्या, "रोज बोलतंय. मना काय समजत नाय यातला. पन तो असाच बोलायचा."

मी त्यांना त्या प्रार्थनेचा अर्थ सांगू शकलो असतो. ओटीवर केलेलं आमचं मराठी माझ्याकडे होतं. बाईंनी विचारलं नाही.