पित्ताशयातला गाळ आणि माझा हट्ट

माझ्या उपवासानंच मला आजारी पाडलं असेल, हे मानायला मी कितीतरी दिवस तयार नव्हते. लेकीचं बाळंतपण सुखरूप व्हावं म्हणून सव्वा महिना दिवसातून एकदाच थोडी फळं खायची आणि दर सोमवारी बोर्लीहून हरिहरेश्वराला जाऊन प्रदक्षिणा घालायची, असा नवस मी बोलले होते. ब्लाऊज सैल झाले, उजव्या बरगडीखाली दुखू लागलं, उलट्या झाल्या. पित्त झालंय म्हणून मी कोकमाचं सरबत पीत राहिले. जन्मभर शाळेत शिकवलेली मी. सुरू केलेलं अर्धवट सोडणं मला ठाऊकच नाही.

चौथ्या सोमवारी सकाळी ओहोटी साधून प्रदक्षिणेला निघाले. पायऱ्या उतरून समुद्राकाठच्या कातळावर पोचले आणि अशी कळ आली की खालीच बसले. कळ पाठीतून उजव्या खांद्यापर्यंत गेली, हुडहुडी भरली. देवा, एवढी फेरी पुरी करू दे, एवढंच म्हणत होते. मागेपुढे यात्रेकरू कोणी नव्हतं. पलीकडे कातळाला चिकटलेले कालवांचे शिंपले काढत बसलेली एक बाई उठून आली आणि तिनं माझ्या कपाळाला हात लावला.

"बाय, अंग तापलंय तुजं."

"पित्त आहे. जाईल."

"ह्ये तसलं पित्त न्हाय. माज्या भैनीला असंच झालतं. आमी पन पित्तच म्हनत बसलो, आन ती गेली."

"माझी फेरी राहिलीय हो."

"फेरी देव घेईल करून परत. भरती लागंल आता. ऊठ."

टोपली तिथंच टाकून तिनं मला एकेक पायरी वर चढवलं आणि रिक्षात बसवून श्रीवर्धनच्या दवाखान्यापर्यंत सोबत आली.

सोनोग्राफीत पित्ताशयात दाट गाळ दिसला, त्याला सूज होती. डॉक्टरांनी शांतपणे समजावलं, "तुम्ही म्हणता ते पित्त म्हणजे जळजळ. हे यकृतातलं पित्त. आपण जेवलो की पित्ताशय ते आतड्यात सोडतं. फार दिवस पोट रिकामं राहिलं, वजन झपाट्यानं उतरलं, की ते साठून घट्ट होतं. गाळ असला म्हणून प्रत्येकाला ऑपरेशन लागत नाही. पण तुम्हाला ताप आहे, सूज आहे. थांबू नका."

घरच्यांनी लिंबू-तेलाचा उपाय सुचवला, सव्वा महिना तरी पुरा कर म्हणाले. मी मात्र ठरवलं. जेवढ्या निश्चयानं उपवास धरला होता, तेवढ्याच निश्चयानं तो सोडला, आणि माणगावला दुर्बिणीतून पित्ताशय काढून घेतलं. लेक महिनाभरानं सुखरूप बाळंत झाली.

बरी झाल्यावर त्या बाईला शोधत गेले. तिचं नाव फातिमाबी. देवानंच तुम्हाला धाडलं म्हणत पाया पडू लागले तर मागे सरली. "मी कसली देवाची? व्हटी होती, पानी उतरलं होतं, म्हनून मी होते तिथं," म्हणाली आणि हसली. मी वाद घातला नाही.

देवाला शरण जाणं म्हणजे दात आवळून सोसत राहणं, असं मी धरून चालले होते. त्यानं पुढे केलेला हात धरणंही शरण जाणंच आहे. मग तो हात शिंपल्यांनी चिरलेला का असेना. आता मी वेळेवर जेवते, आणि पहिल्या घासाआधी हात जोडते.