चषकाला दिलेलं पॉलिश

आधी चहा घ्या. कारण पुढं मी जे सांगणार आहे ते ऐकल्यावर माझ्या घरचा चहा तुमच्या घशाखाली उतरेल की नाही, याची मला खात्री नाही. चुका कोण करत नाही? मीही केल्या, पण त्या घरातल्या घरात मावणाऱ्या. ही एक मात्र सगळ्या सेनगाव तालुक्यात पसरली. अजून मी गोरेगावच्या स्टँडवर जीपमध्ये बसलो की मागून कुणीतरी उगाच खोकतं.

तर आमच्या गोरेगावात फुटबॉलची स्पर्धा होते. हसू नका! हळद-सोयाबीनच्या मुलखात फुटबॉल कुठून आला म्हणाल, तर निजामाच्या काळात हैदराबादेहून एक मास्तर बदलून आले होते म्हणे, त्यांनी आणला. मास्तर गेले, निजाम गेला, फुटबॉल राहिला. दरवर्षी हळद शिजवून-वाळवून झाली की आसपासच्या गावांच्या टीम जमतात. नियम एकच, हरला तो बाद. एक मॅच हरली की गुमान जीपमध्ये बसायचं आणि गाव गाठायचं. शेवटी जो उरेल त्याला चषक, आणि तोही वर्षापुरता. पुढच्या वर्षी परत आणून द्यायचा.

चषक पितळेचा, दोन कानांचा, चांगला कळशीएवढा. भांड्यांवर नावं घालणाऱ्याकडून त्यावर दरवर्षी जिंकलेल्या गावाचं आणि कॅप्टनचं नाव घालून घेतात. गळ्यापासून बुडापर्यंत नावंच नावं. आमच्या स्पर्धेचा इतिहास कागदावर कुठंच नाही. जो काही आहे तो चषकाच्या अंगावर. हे एवढं तुम्ही लक्षात ठेवा, कारण ऐन वेळी ते माझ्या लक्षात राहिलं नाही.

मी या स्पर्धेचा सचिव. आयुष्यात फुटबॉलला एकदाच लाथ मारली, तो विहिरीत गेला. पण माइकवर बोलता येतं, म्हणून सचिव. मागच्या वर्षी गोरेगाव जिंकलं, तेव्हा नाव घालायला चषक घेऊन मीच हिंगोलीला गेलो होतो. तिथं मला एक दुर्बुद्धी सुचली. चषकाच्या बुडाला खालून खोलगट जागा आहे, कुणाला दिसत नाही अशी. तिथं हळूच माझंही नाव घालून घेतलं. नुसतं ‘सुभाष’. बाकी काही नाही. एवढी हौस तर माणसाला असतेच की! असते की नाही?

यंदा फायनलच्या दिवशी चषकाच्या इतिहासावर भाषण करायचं काम माझ्याकडं आलं. मी फोनवर शोधाशोध सुरू केली, आणि मला काय सापडलं? वेल्स. इंग्लंडच्या शेजारचा देश. तिथल्या एका भागातल्या टीमांचा असाच, हरला तो बाद, असा जुनापुराणा चषक. त्याचा सगळा इतिहास, आणि फोटो. काय तो झगमगाट! मी फोनवरून मान वर केली, तर सचिव म्हणून माझ्याच घरी ठेवलेला आमचा चषक फ्रिजवर बसलेला. काळवंडलेला, तेलकट, वर एक पाल.

मला फार लागलं हो ते.

बायको म्हणाली, चिंच लावून घासून देते, घटकाभराचं काम. तिचं ऐकलं असतं तर आज हा किस्साच नसता. पण मी म्हणालो, “तुझ्या चिंचेनं वेल्सची बराबरी व्हणार हाय का?”

माझा धंदा हळदीला पॉलिश करून देण्याचा. ज्यांनी पाहिलं नसेल त्यांना सांगतो. शिजवून वाळवलेली हळद दिसायला मातकट आणि खडबडीत असते. ती जाळीच्या मोठ्या लोखंडी ड्रममध्ये घालून फिरवायची. हळकुंडं एकमेकांवर आणि जाळीवर घासतात, वरचं साल निघून जातं, आणि बाहेर पडतं ते पिवळंधमक सोनं. आता तुम्हीच सांगा, जो ड्रम मुळीचं सोनं करतो, तो पितळेचं काय करेल?

मी चषक ड्रममध्ये घातला. एकटा नाही घातला, तेवढी अक्कल मला आहे! आपटू नये म्हणून भोवती भरपूर हळद घातली. मोटार सुरू केली. आतून धडाम धडाम आवाज येत होता आणि मी शेजारी उभा राहून मनातल्या मनात वेल्सला मागं टाकत होतो.

ड्रम थांबवून चषक बाहेर काढला. चकाकत होता, त्यात खोटं नाही. पण एक कान जागेवर नव्हता, पोटाला पोचे आले होते, आणि रंग असा की बायको दारातूनच म्हणाली, “याला तर हळद लागली, आता नवरी पाहा.” मी हसलो. चषक जवळ घेतला. आणि माझं हसू तिथंच वाळून गेलं.

नावं नव्हती. एकसुद्धा. सगळ्या गावांची, सगळ्या कॅप्टनांची नावं त्या ड्रमनं हळदीच्या सालासारखी सोलून काढली होती. आता कपाळावर हात मारून काय उपयोग?

वेल्डिंगवाल्यानं कान जोडून दिला, जरा वाकडा. पण नावं कशी जोडायची? मी विचार केला, माणसांना तर आठवत असेल! भाषणाच्या नावाखाली विचारून घेऊ आणि परत घालून आणू. विचारत सुटलो. गोरेगावचे म्हणाले, निम्म्या वर्षी आमीच. शेजारच्या साखऱ्याचे म्हणाले, निम्म्या कसल्या, दोन सोडून सगळ्या वर्षी आमी. प्रत्येक गावाचा आकडा धरून बेरीज केली तर आमची स्पर्धा देवगिरीच्या यादवांपासून चालू असावी.

वर माझं कौतुक सुरू झालं. सुभाषराव इतिहास काढून राहिले, असं जो तो म्हणायला लागला. लोक मला बोलावून चहा पाजत होते. ज्या माणसानं इतिहास पुसला, त्याला इतिहासकार म्हणून चहा! एकेक घोट विषासारखा जात होता.

आणि मग साखऱ्याहून गणपतकाकांचा फोन आला. गणपतकाका म्हणजे साखऱ्याच्या टीमचे जुने गोलकीपर, आता थकलेले, नजर अधू. ते कॅप्टन असताना साखऱ्यानं गोरेगावला फायनलमध्ये हरवलं होतं. दरवर्षी येऊन चषकावरच्या आपल्या नावावरून बोट फिरवायचे आणि परत जायचे.

“सुभाष,” ते म्हणाले, “नातीची सोयरीक जमली बरं का. मी सोयऱ्यायला सांगितलं का चषकावर माझं नाव हाय. ते हसून राहिले. म्हातारा फेकून राहिला म्हणतात. फायनलला त्यायला घेऊन येतो, तेवढं दाखव.”

मी काय म्हणालो असेन? “या की,” म्हणालो. तिथंच खरं बोललो असतो तर थोडी तरी लाज शिल्लक राहिली असती.

फायनलच्या दिवशी चषकाला मी इतके झेंडूचे हार घातले की खाली चषक आहे की देव, ते कळेना. भाषणाला उभा राहिलो आणि समोर पहिल्याच ओळीत काका, शेजारी फेटेवाले सोयरे. आमच्या चषकाचा इतिहास बोलायची हिंमत होईना, मग मी वेल्सचाच ठोकून दिला. तिकडं पावसामुळं मॅच कशा पुढं ढकलतात, चिखलात कसे खेळतात. वरून वैशाखाचं ऊन ओतत होतं आणि लोक एकमेकांकडं पाहत होते.

भाषण संपलं तशी काका काठी टेकत टेबलाजवळ आले. हार बाजूला सारले. वाकड्या कानाच्या खाली बोट ठेवलं आणि फिरवायला लागले. एकदा, परत एकदा. मग दुसऱ्या बाजूनं. त्यांच्या बोटाला नुसती हळद लागत होती.

“इथंच व्हतं,” ते म्हणाले. “सुभाष, माझं नाव कुठं गेलं?”

खरं सांगतो, त्या क्षणी मला धरणीनं पोटात घेतलं असतं तर मी तिचे उपकार मानले असते. सगळ्या गावासमोर मी ड्रमचं सांगून टाकलं. चिंचेचं सांगितलं, वेल्सचंही सांगितलं. कुणी हसलं नाही. तेच फार वाईट होतं. सोयरे मान हलवून बराय म्हणाले, पण त्यांचा विश्वास बसला नव्हता, आणि काकांना ते कळलं होतं. म्हाताऱ्याचा चेहरा मला पाहवेना.

तेवढ्यात आमच्या गोरेगावचे दिगंबरअण्णा उठले. त्या जुन्या फायनलला आमचे कॅप्टन. साखऱ्याच्या माणसाशी एरवी धड बोलत नाहीत.

“नाव व्हतं,” अण्णा सोयऱ्यांना म्हणाले. “मला इचारा. शेवटची पेनल्टी मी मारलती, अन् यानं अडवली. अजून झोप न्हाई येत.”

सोयऱ्यांचे चेहरे पालटले. थोरल्यानं वाकून काकांचे पाय धरले. काकांनी डोळ्यांना उपरणं लावलं. मला वाटलं, वाचलो. सुटलो एकदाचा.

पण त्या थोरल्या सोयऱ्याला काय वाटलं कुणास ठाऊक, त्यानं चषक कौतुकानं उचलला, उलटा केला आणि बुडात डोकावला. तिथवर ड्रमची जाळी पोचलीच नव्हती.

“हे एक नाव राहिलं की बराबर,” तो म्हणाला. “सुभाष. हे कोण? लई मोठे खेळाडू दिसतात.”

सगळं मैदान माझ्याकडं वळलं. काकांनी माझ्याकडं अधू डोळ्यांनी पाहिलं आणि म्हणाले, “लई मोठा. आजवर जेवढ्या टीम जिंकल्या, तेवढ्या सगळ्या यानं एकट्यानं बाद केल्या.”