कोर्बानवाले सर

मुलचेऱ्यात आणि आसपासच्या गावांत आमच्या घरमालकांना दाखवल्याशिवाय एकही बोकड देवाघरी गेलेला नाही. हे मी शपथेवर सांगू शकते, कारण त्या भागात जनावरांची सरकारी डॉक्टर मी होते आणि मला मात्र कोणी विचारत नव्हतं. बोकड आजारी पडला तर माझ्याकडे आणि देवाला द्यायचा झाला तर घरमालकांकडे, अशी कामाची वाटणी गावाने परस्पर करून टाकली होती. घरमालक हायस्कुलातून निवृत्त झालेले मराठीचे शिक्षक, म्हणून सगळे त्यांना सर म्हणत. बाजारात सर, चर्चमध्ये सर, आणि काकू, म्हणजे त्यांच्या पत्नी, रागावल्या तरी सरच. अंगाने किरकोळ, आवाजाने दणदणीत. ‘मला वाटतं’ असं त्यांच्या तोंडून मी कधी ऐकलं नाही. त्यांना वाटत नसे, ठाऊक असे.

या ठाऊक असण्याचं मूळ एका शब्दात होतं. फार वर्षांपूर्वी एक पाद्री बदलून जाताना हिब्रू भाषेचं व्याकरण सरांकडे टाकून गेला. सरांनी ते अशा निष्ठेने वाचलं, की उजवीकडून डावीकडे वाचायची सवय हाडीमाशी मुरली आणि वर्तमानपत्रही ते शेवटच्या पानापासून उघडू लागले. बाकीचे शब्द ते इमानदारीने शिकले, पण जीव जडला तो एकाच शब्दावर, कोर्बान. यहुदी लोक पूर्वी देवाला जे जे आणून देत, बैल, बोकड, पारवे, पीठ, त्या सगळ्याला मिळून हा शब्द. अंगणात कोणीही पाय ठेवला, अगदी वीजबिलवाला असला, तरी त्याला तो समजावून घेतल्याशिवाय सुटका नव्हती. “बळी म्हटलं का तुमची नजर सुरीवर जाते,” सर सांगत. “निवद म्हटलं का ताटावर. दान म्हटलं का देणाऱ्याच्या हातावर. कोर्बान म्हटलं का नजर रस्त्यावर गेली पायजे! त्याचं मूळ ‘जवळ’ या अर्थाचं हाय. काय आणलं, केवढं आणलं, ते हा शब्द सांगतच नाई. माणूस जवळ आला का नाई, एवढंच इचारते.” वीजबिलवाला मान डोलवायचा आणि पुढच्या वेळी बिल कुंपणावरूनच फेकायचा.

शब्दाची पुढे झालेली अवस्था हे सरांचं खासगी दुःख होतं. आजच्या हिब्रूत रस्त्यावरच्या अपघातात गेलेल्या माणसालाही कोर्बानच म्हणतात, हे त्यांना मोबाईलवर कळलं, तेव्हा दिवसभर त्यांना जेवण गेलं नाही. त्यातून आमचा भाग वाघांचा. ‘वाघाने घेतला आणखी एक बळी’ असं पेपरात आलं की सर उभे राहून ओरडत, “वाघ काय देव हाय? त्याच्याजवळ काय कोणी भक्तीनं गेलं होतं?” त्यावर आतून काकूंचा आवाज यायचा, “जवळ गेला म्हणूनच तं मेला ना तो!” काकू त्या शब्दाबरोबर नांदून नांदून तयार झाल्या होत्या. भाजीत मीठ विसरलं की सर बायबलातलं शास्त्र काढायचे, की पिठाच्या अर्पणात तेल पाहिजे आणि मीठ तर पाहिजेच, मिठावाचून देवसुद्धा घेत नाही. काकू मिठाची वाटी त्यांच्यापुढे आपटून म्हणत, “घ्या, आन् व्हा देव.”

मी खोली बघायला गेले तेव्हा त्यांनी भाड्याचा विषयच काढला नाही. “बळी आन् अर्पण यात फरक काय?” असं विचारलं. मी म्हटलं, “सर, मी जनावरांची डॉक्टर आहे. ती जिवंत ठेवायची, एवढंच मला शिकवलंय.” सर खूश झाले. “म्हणजे विरोधी पक्ष! मंग राहा.” शिवाय आम्ही ब्रह्मपुरीकडचे बौद्ध, आजोबांनी दीक्षा घेतली तेव्हापासून आमच्या घरी देवाला काही द्यायचा प्रश्नच उरला नव्हता. हे ऐकल्यावर तर मला सर्वांत हवेशीर खोली मिळाली. सरांच्या मते गावात तटस्थ माणसं आम्ही दोघंच होतो. ते ख्रिस्ती. “आमचं खातं प्रभूनं स्वतःचा जीव देऊन एकदाचं बंद केलं,” ते छातीवर हात ठेवून सांगत. “आता आमाले काई आणाचं नाई. मी फक्त अभ्यासक.”

या अभ्यासकाचा परीक्षक झाला तो आठवडी बाजारात. त्यांच्या शास्त्रात अर्पणाच्या जनावराला कोणते दोष नसावेत हे बारकाईने दिलेलं आहे, आंधळं नको, लंगडं नको, खरूज नको, आणि सरांना ते तोंडपाठ. एकदा बंगाली निर्वासितांच्या वस्तीतल्या एकाने कालीपूजेसाठी घेतलेला बोकड त्यांनी सहज तपासला आणि त्याच्या डोळ्यातलं फूल दाखवलं. बातमी पसरली. मग बकरी ईदच्या आधी मुसलमान किराणा दुकानदार येऊ लागले, कारण त्यांनाही जनावर बिनखोडीचं लागतं. एटापल्लीकडून गोंड गावांतली म्हातारी माणसं येऊ लागली, त्यांच्या देवालाही खोट चालत नाही. त्यातल्या एका दुकानदाराने ‘कुर्बानी’ म्हटलं तेव्हा सरांनी त्याला भर बाजारात मिठी मारली. “हा तं आपल्या शब्दाचा चुलत भाऊ!” दुकानदाराला वाटलं, उधारी मागणार.

तपासणी बघण्यासारखी असे. आधी डोळे, मग कान उलटून, मग दात, मग खूर एकेक उचलून, मग सगळ्या अंगावरून उलटा हात. सगळं नीट असेल तर सर बोकडाच्या डोक्यावर हात दाबून ठेवत आणि गंभीरपणे म्हणत, “कोर्बान.” लोकांना तो मंत्र वाटे. हळूहळू बाजारात त्याचा अर्थ ‘पास’ असा झाला. “हे बोकड कोरबान हाय का?” असं गिऱ्हाईक सर्रास विचारू लागलं. सर वैतागले, पण एखादा शब्द मुलचेऱ्याच्या बाजारात चालतो आहे याचा आनंदही त्यांच्या चेहऱ्यावर लपत नव्हता. मी एकदा एका बोकडाला निरोगी असल्याचा दाखला दिला आणि सरांनी तो फाटक्या कानापायी नापास केला. मी भांडायला गेले. “डाक्टरबाई, तुमचा दाखला सरकारचा,” ते म्हणाले. “सरकार कान पाहत नाई.”

आता सरांनी नापास केलेल्या बोकडाला बाजारात कोणी हात लावेना. चिडलेले मालक तो सरांच्याच दारात बांधून जात. त्यामुळे आमच्या अंगणात एकाक्षी, फाटक्या कानाचे, तुटक्या शिंगाचे असे बोकड जमले आणि सुखाने म्हातारे होऊ लागले. तुळस तर सोडाच, माझ्या वाळत घातलेल्या ओढण्याही शिल्लक राहिल्या नाहीत. काकू त्यांना चारा टाकता टाकता म्हणायच्या, “लग्नाच्या टायमाले मले बी याईनं दात पाहूनच घेतलं असन.” सर पेपरातून मान वर न करता म्हणत, “पाहिले होते. सगळे होते.”

एक गोष्ट मात्र सर कधी करत नसत. कोणी कितीही आग्रह केला तरी ते अर्पणाच्या जागी जात नसत. आमच्या तळ्याच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, मातामाय या गावदेवीचं ठाणं आहे, शेंदूर लावलेले दगड आणि वर मोहाचं मोठं झाड. झाडाच्या अलीकडे पाणी जायला बांधलेली एक मोरी आहे, छोटा पूलच. तिथवर सर गप्पा मारत येत, आणि मोरी आली की थांबत. “माझी हद्द इथवर,” म्हणत, टोपी सारखी करत आणि परत फिरत. जवळ येणं या शब्दावर उभा जन्म बोलणारा माणूस त्या मोरीवरून परत फिरतो, याची मला गंमत वाटायची. मी ती बोलून दाखवली नाही, कारण मीही त्यांच्याबरोबरच परत फिरत असे.

मग एका उन्हाळ्यात काकूंच्या अंगावरून वारं गेलं. डावी बाजू गेली, बोलणं अडखळलं. गडचिरोलीच्या दवाखान्यातून आणलं तेव्हा त्या खाटेवर पडून नुसत्या आढ्याकडे बघत. सर त्या दिवसांत कोणाला काही समजावून सांगत नव्हते. पेपर घडी न मोडता तसाच पडून राही. बोकड दाखवायला आलेली माणसं दारातून परत जात. तळ्यातली मासोळी विकणारी सगुणाबाई रोज यायची, काकूंना तेल चोळायची, अंग पुसायची, त्यांच्याशी एकटीच बोलत राहायची. “उठा ना बाई, तुमच्याबिगर भाव कोनासंगं करू?” असं म्हणायची. पावसाळा उलटता उलटता काकू उठून बसल्या, आणि धान कापणीला आलं तेव्हा पाय ओढत अंगणात आल्या. पहिलं वाक्य बोलल्या ते बोकडांना. ते इथे लिहिण्यासारखं नाही, पण सर ऐकून रडले.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी सगुणाबाई आपला बोकड घेऊन आली. “सर, पाहा बरं याले. मायले द्याचा हाय.” सरांना काम मिळाल्याचा आनंद झाला. डोळे पाहिले, कान पाहिले, दात पाहिले. मागचा पाय उचलला आणि मान हलवली. “लंगडते. नाई चालत.”

“लहानपनीच मोडला होता जी. चांगला चालते आता.”

“नाई म्हणजे नाई, सगुणाबाई. देवाले असं देत नाईत.”

ती खाली बसली आणि पदराने डोळे पुसू लागली. तिच्याकडे तेवढा एकच बोकड होता. सर म्हणाले, “एवढं काय त्यात? दुसरा आणून देतो मी.”

“दुसऱ्याचा कसा चालन? नवस माह्या तोंडातून गेला. माय म्हनन, भीक मांगून आनलं.”

“नवस तरी कशाचा?”

 तिने अंगणात बसलेल्या काकूंकडे पाहिलं. “बाई पडल्या होत्या ना,” ती म्हणाली, “तवा बोलली होती मी मायले. बाई उठून बसू दे, माहा बोकड तुले देतो म्हनून. आता बाई उठली. माय वाट पाहून राह्यली असन. तिनं दिलेलं परत घेतलं तं?”

 ज्या सरांचं खातं कधीचं बंद झालं होतं, त्यांच्या घरासाठी ही बाई तळ्यावर काहीतरी कबूल करून आली होती, आणि त्यांना पत्ताही नव्हता. त्यांचा हात त्या बोकडाच्या पायावरच राहिला होता. तो पाय सोडून ते खाली, तिच्यासमोर जमिनीवर बसले. “सगुणाबाई,” ते हळू म्हणाले, “आमच्या शास्त्रात लिहून हाय. ज्याच्याकडे जनावर नाई, त्यानं पारवे आणावे. पारवेही नाई, त्यानं मूठभर पीठ आणावं. देव त्याले कमी समजत नाई. त्यालेही शब्द तोच लागते, कोर्बान.”

“तुमच्या देवाचं झालं ते. माह्या मायचं काय?”

“तिले आपण इचारू,” सर म्हणाले. “मी येतो संगं.”

पीठ तिच्या घरचं, नव्या तांदळाचं. पण सरांनी अगदी विद्यार्थ्यासारखं विचारलं, “एक मूठ आमच्या घरची चालन का?” सगुणाबाईने विचार केला आणि म्हणाली, “बाई तुमची हाय. चालन.” दुसऱ्या दिवशी आम्ही पाळीवर निघालो. पुढे सगुणाबाई, मध्ये सरांच्या खांद्यावर भार टाकून काकू, मागे तेलामिठाची वाटी घेऊन मी. ती माझ्या हातात कोणी दिली ते आठवत नाही. मोरी आली. सर थांबले. सवयीने टोपीला हात गेला. काकूंनी त्यांच्याकडे पाहिलं. सरांनी टोपी काढून खिशात ठेवली आणि मोरी ओलांडली.

ठाण्याचा पुजारी म्हातारा होता. त्याने विचारलं, “बोकड कुठी हाय?” सगुणाबाईने सगळं सांगितलं आणि आम्ही सगळे त्याच्या तोंडाकडे बघू लागलो. मी विज्ञान शिकलेली बाई, पण त्या क्षणी तो म्हातारा नाही म्हणेल अशी मलाही भीती वाटली. त्याने काकूंच्या पायाकडे पाहिलं, मग टोपी काढलेल्या सरांकडे पाहिलं. “ठेवा,” तो म्हणाला. “मायनं बाई पाहिली.” सर दगडांसमोर वाकले, दोन्ही मुठींचं पीठ त्यांनी एकत्र केलं आणि ठेवलं. आपल्या मनात ते कोणाशी बोलले ते त्यांचं त्यांना ठाऊक. परत येताना काकूंनी चिमटा काढलाच, “आज शब्द नाई सांगितला तुमी?” सर म्हणाले, “आज गरज नाई पडली.”

पुढच्या रविवारी चर्चमध्ये कोणीतरी कुजबुजलं. सर उठून ठणकावून म्हणाले, “गेलो होतो. पुन्हा बोलावलं तं पुन्हा जाईन.” तो विषय तिथेच संपला. लंगडा बोकड आमच्या अंगणात राहिला, सगुणाबाईने स्वतः आणून बांधला.

माझी बदली वडशाला होऊन बरेच दिवस झाले. मागच्या हिवाळ्यात मुलचेऱ्याला जाऊन आले. अंगणात बोकड तेच, ओढण्या खाणारे. सर ओट्यावर बसले होते. दोन्ही डोळ्यांना आता जवळपास काहीच दिसत नाही, शस्त्रक्रियेनेही उपयोग झाला नाही. मला वाईट वाटेल म्हणून आधी तेच हसले. “पहिलाच दोष लागला, डाक्टरबाई. मी आता नापास.” काकू आतून म्हणाल्या, “मंग बांधा ना त्याईले बी अंगणात.” बाजारात आता कोणी बोकड तपासत नाही. लोक तरीही येतात, बोकड सरांसमोर उभा करतात, सर चाचपून डोक्यावर हात ठेवतात आणि सगळेच पास करतात. संध्याकाळी काकू त्यांचा हात धरून पाळीवर नेतात. पाय ओढणाऱ्या त्या आणि अंदाजाने पाऊल टाकणारे ते, मोरीपलीकडे जाऊन बसतात.

निघताना मी उंबऱ्यातूनच म्हटलं, “येते सर.” त्यांनी आवाजाच्या दिशेने मान वळवली आणि हात पुढे केला. “तिथून नाई दिसत मले,” ते म्हणाले. “जवळ या जरा.” मी परत फिरले आणि त्यांच्या शेजारी जाऊन बसले. माझी गाडी त्या दिवशी चुकली.